नमस्काराला दोन हात लागतात

१९७७ च्या ऑगस्ट-सप्टेंबरमध्ये अमेरिकेच्या 'नासा'ने 'व्हॉएजर' नावाची दोन यानं अवकाशात सोडली. दोन्ही यानांवर सोन्याचा मुलामा दिलेली तांब्याची एकेक ध्वनिमुद्रिका आहे. परग्रहावरच्या कुणाच्या हाती कधी लागलीच, तर त्याला आपली ओळख व्हावी म्हणून पाठवलेली. तीत ५५ भाषांमधली अभिवादनं आहेत आणि त्यांत मराठीही आहे. एका स्त्रीचा आवाज 'नमस्कार' म्हणतो आणि पृथ्वीवरच्या लोकांच्या शुभेच्छा कळवतो. त्याच मुद्रिकेत मूळच्या गोव्यातल्या केरी गावच्या केसरबाई केरकरांची भैरवी आहे. यानं निघाली आणि काही दिवसांतच, १६ सप्टेंबर १९७७ ला, केसरबाई गेल्या. त्यांची भैरवी मात्र आता सौर वाऱ्याचा प्रभाव संपतो त्या सीमेच्याही पलीकडे पोचली आहे.

त्या मराठी अभिवादनाचा विचार करताना मी दर वेळी पहिल्याच शब्दाशी थांबतो. नमस्कार करायचा तर जोडायला दोन हात हवेत, झुकवायला मान हवी. तो ऐकायला कान हवेत, आणि कानापर्यंत आवाज पोचायला हवा हवी. ज्याला आपण कधी पाहिलेलं नाही, त्याला आपण पहिल्याच शब्दात हात, मान आणि कान देऊन टाकले. 'हाती लागलीच तर' असं मी वर सहज लिहून गेलो, त्यातही हात आलाच.

विज्ञानकथा आणि विज्ञानपट हेच करत आले आहेत. लाखो-करोडो प्रकाशवर्षांवरून पाहुणा येतो, आणि यानाचं दार उघडल्यावर बाहेर कोण पडतं? दोन पायांवर चालणारा, दोन डोळ्यांचा, तोंडाने बोलणारा कुणीतरी. रंग निळा किंवा हिरवा, डोकं थोडं मोठं, कान टोकदार, पण घडण आपलीच. असं का व्हावं?

सोंगाच्या आत माणूस

पहिलं कारण साधं आहे. पडद्यावर परग्रहवासी उभा करायचा तर त्याच्या आत कुणीतरी माणूस लागत असे. फ्रान्सच्या जॉर्ज मेलिएस यांनी १९०२ मध्ये चंद्रावरच्या सफरीचा चित्रपट काढला, तेव्हा चंद्रावरचे रहिवासी म्हणून पॅरिसच्या रंगमंचावरचे कसरतपटू उड्या मारत आले. १९६६ मध्ये अमेरिकन दूरचित्रवाणीवर 'स्टार ट्रेक' सुरू झाली. दर आठवड्याला नवा ग्रह आणि नवी जमात दाखवायची, पण हातात पैसा आणि वेळ बेताचाच. मग लेनर्ड निमॉय या अभिनेत्याला टोकदार कान आणि तिरप्या भुवया लावल्या, आणि व्हल्कन ग्रहाचा स्पॉक तयार झाला. त्या कानांचीही वाहिनीला इतकी धास्ती होती की मालिकेच्या जाहिरातपत्रकातल्या छायाचित्रात ते रंगवून गोल करण्यात आले. याच मालिकेतल्या क्लिंगॉन जमातीचे लोक सुरुवातीला नुसते तपकिरी रंग फासलेले नट होते. १९७९ च्या चित्रपटात पैसा आला आणि क्लिंगॉनांच्या कपाळावर हाडांच्या वळ्या आल्या. हात दोनाचे तीन झाले नाहीत.

यातून सुटायचा प्रयत्न काहींनी जाणूनबुजून केला. ब्रिटनच्या 'डॉक्टर हू' मालिकेसाठी १९६३ मध्ये डालेक हे परग्रहवासी लिहिणाऱ्या टेरी नेशन यांना माणसाला वेष चढवलेला राक्षस नकोच होता. म्हणून रेमंड क्युसिक यांनी पाय नसलेला, जमिनीवरून सरकत येणारा धातूचा डालेक रेखला. आत माणूस होताच, पण तो बसलेला होता. पाय गेल्याबरोबर प्रेक्षकाच्या मनात धडकी भरली. उलट १९७९ च्या 'एलियन'मधला जीव पाहा. एच. आर. गीगर यांच्या कल्पनेतून आलेलं ते रूप किळस आणि भय यांचं टोक मानलं जातं. त्याच्या आत होता बोलाजी बाडेजो, जवळजवळ सात फूट उंचीचा, लांब हातापायांचा नायजेरियन तरुण. माणसाचेच हातपाय, जरा जास्त लांब, एवढ्यावर ती भीती उभी राहिली.

पण पैशाचं कारण आता उरलेलं नाही. संगणकाने हवा तो जीव घडवता येतो. २००९ च्या 'अवतार'मध्ये जेम्स कॅमेरून यांच्याकडे ते सगळं सामर्थ्य होतं. त्यांनी पँडोरा या चंद्रावरच्या जनावरांना सहा-सहा पाय दिले, काहींना चार-चार डोळेही दिले. मात्र त्याच पँडोरावरच्या नावी जमातीला दोन हात, दोन पाय आणि दोनच डोळे. एकाच जीवसृष्टीत हा अपवाद जीवशास्त्राला पटणारा नाही. कथेला मात्र तो हवाच होता, कारण नायकाला नावी मुलीच्या प्रेमात पडायचं होतं आणि आपल्यालाही ते प्रेम पटायला हवं होतं.

चेहरा शोधणारी नजर

इथे खरं कारण सापडतं आणि ते आपल्या डोक्यात आहे. जन्मून काही तासच झालेलं बाळही डोळे-नाक-तोंड अशी मांडणी असलेल्या आकृतीकडे जास्त वळून पाहतं. मेंदूच्या खालच्या बाजूला एक छोटा भाग चेहरा दिसला की विशेष जागा होतो. नॅन्सी कॅनविशर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९९७ मध्ये त्याचं वर्णन केलं. चेहरा ओळखण्यावर माणसाचं जगणंच अवलंबून होतं. आई कोण, परका कोण, रागावलेला कोण, हे क्षणात कळावं लागे. म्हणून आपल्याला भिंतीच्या पोपड्यांत आणि ढगांतही चेहरे दिसतात. २५ जुलै १९७६ ला 'व्हायकिंग १' यानाने मंगळावरच्या सायडोनिया भागाचं छायाचित्र घेतलं आणि एका टेकडीवर जगाला माणसाचा चेहरा दिसला. पुढे २००१ मध्ये अधिक बारकाईचं छायाचित्र आलं, तेव्हा ती वाऱ्याने झिजलेली टेकडीच निघाली. प्रकाश तिरपा होता, सावल्या नेमक्या जागी पडल्या होत्या, उरलेलं काम आपल्या मेंदूने केलं.

दिग्दर्शकांना हे शास्त्र शिकावं लागलं नाही, ते त्यांना उपजत कळलं होतं. १९८२ च्या 'ई.टी.'चं अंग बेढब आहे, पण डोळे मोठे, ओलसर आणि म्हातारे आहेत, आणि सगळं थिएटर त्या डोळ्यांशी बोलतं. २००३ च्या 'कोई... मिल गया'मधल्या जादू नावाच्या परग्रहवासीयाचेही डोळेच लक्षात राहिले. २०१४ च्या 'पीके'ने तर वेषही टाकून दिला. तिथला परग्रहवासी पूर्णपणे माणूसच दिसतो आणि एका बाईचा हात तासन् तास धरून तिची भोजपुरी शिकून घेतो. कुणाशी नातं जोडायचं तर हात धरायचा, यापलीकडची कल्पना करणं आपल्याला जड जातं.

ज्याला चेहरा मिळतो त्याला आपली माया मिळते, याची दुसरी बाजूही आहे. एच. जी. वेल्स यांच्या १८९८ च्या 'वॉर ऑफ द वर्ल्ड्स'मधले मंगळवासी म्हणजे मोठं डोकं आणि त्याला लोंबणाऱ्या सोंडा. ते मेले तर वाचकाला हळहळ वाटत नाही. पण त्याच पुस्तकाच्या सुरुवातीला वेल्स टास्मानियाच्या मूळ रहिवाशांची आठवण देतात. दोन हातांच्या, दोन डोळ्यांच्या त्या माणसांना युरोपीय लोकांनी जवळजवळ संपवून टाकलं होतं. चेहरा असूनही समोरचा माणूस परका ठरवता येतो, हे वेल्सना दाखवायचं होतं. परग्रहवासीयांच्या उत्तम कथा याच ठिकाणी आपल्याला पकडतात.

जीवसृष्टी काय सांगते

आता उलटा प्रश्न. दूरच्या एखाद्या ग्रहावर बुद्धिमान जीव घडलाच, तर तो आपोआप माणसासारखा होईल का? यावर जीवशास्त्रात मोठा वाद झाला आणि त्याचं मूळ कॅनडातल्या एका डोंगरात आहे. बर्जेस शेल नावाच्या तिथल्या खडकात चार्ल्स वॉलकॉट यांना १९०९ मध्ये सुमारे पन्नास कोटी वर्षांपूर्वीच्या प्राण्यांचे जीवाश्म मिळाले. त्यातल्या ओपाबिनिया नावाच्या प्राण्याला पाच डोळे होते, आणि तोंडापुढे एक सोंड, तिच्या टोकाला पकड. हॅरी व्हिटिंग्टन यांनी १९७२ मध्ये त्याचं चित्र शास्त्रज्ञांच्या सभेत दाखवलं तेव्हा सभेत हशा पिकला. परग्रहावरचा वाटावा असा तो प्राणी आपल्याच समुद्रातला होता.

स्टीफन जे गुल्ड यांनी १९८९ च्या 'वंडरफुल लाइफ'मध्ये यावरून एक विचार मांडला. जीवसृष्टीची गोष्ट पहिल्यापासून पुन्हा घडू दिली तर ती दुसरीच होईल, आणि तीत माणूस बहुधा नसेल. ज्या सायमन कॉनवे मॉरिस यांनी बर्जेस शेलवर स्वतः काम केलं होतं, त्यांना हे पटलं नाही. त्यांचं म्हणणं, निसर्गापुढचे प्रश्न तेच असतात, म्हणून उत्तरंही पुन्हा पुन्हा तीच येतात. शार्क मासा, डॉल्फिन हा सस्तन प्राणी आणि पूर्वीचा इक्थिओसॉर हा सरपटणारा प्राणी, तिघांचंही शरीर पाणी कापायला सारखंच घडलं. आपला डोळा आणि ऑक्टोपसचा डोळा दोन वेगळ्या वाटांनी आले, तरी दोन्हींत भिंग आहे आणि मागे पडदा आहे.

मला या वादात दोघांचंही थोडं थोडं पटतं. डोळा पुन्हा घडेल. जिथे प्रकाश आहे तिथे तो पाहण्यात फायदा आहे. पण आपले चार अवयव हा कोणत्या निसर्गनियमाचा निकाल नाही. ज्या माशांपासून जमिनीवरचे कणाधारी प्राणी आले, त्यांना खाली परांच्या दोन जोड्या होत्या, म्हणून आपल्याला दोन हात आणि दोन पाय. बोटांचा आकडाही आधी पाचावर ठरलेला नव्हता. ॲकॅन्थोस्टेगा या सुरुवातीच्या चतुष्पादाला पुढच्या पायाला आठ बोटं होती. तीच वाट टिकली असती तर आपण सोळा बोटांनी नमस्कार केला असता.

१९८२ मध्ये कॅनडाचे डेल रसेल यांनी मूर्तिकार रॉन सेगँ यांच्या मदतीने एक कल्पना साकारली. डायनोसॉर नष्ट झाले नसते आणि त्यातली एक हुशार जात पुढे वाढत गेली असती, तर ती कशी दिसली असती? त्यांनी घडवलेला 'डायनोसॉरॉइड' ताठ उभा राहतो, त्याला शेपूट नाही, डोकं गोल आहे. जवळजवळ माणूसच. अनेक शास्त्रज्ञांनी तेव्हाच म्हटलं, हे फारच माणसासारखं झालं. खरं तर त्या प्रश्नाचं एक उत्तर आपल्या खिडकीच्या गजावर येऊन बसतं. डायनोसॉरांच्या वंशातले पक्षी आजही आहेत आणि त्यांच्यात कावळ्यासारखे अतिशय बुद्धिमानही आहेत. न्यू कॅलेडोनियातले कावळे काटक्यांची हत्यारं करून झाडाच्या भोकातल्या अळ्या काढतात. बुद्धी आली, पण ते ताठ उभे राहिले नाहीत आणि त्यांची चोचही गेली नाही.

ज्यांनी चेहरा पुसला

काही लेखकांनी मात्र चेहऱ्याचा आधार सोडून पाहिला. केंब्रिजचे खगोलशास्त्रज्ञ फ्रेड हॉइल यांच्या १९५७ च्या 'द ब्लॅक क्लाउड' कादंबरीतला परका जीव म्हणजे अवकाशातला एक प्रचंड ढग. त्याला आकार नाही, डोळे नाहीत, आणि ग्रहासारख्या घट्ट गोळ्यावर बुद्धी नांदू शकते याचंच त्याला आश्चर्य वाटतं. आपण त्याच्याकडे पाहताना जसे अडतो, तसाच तोही आपल्याकडे पाहताना अडतो. याच हॉइल यांच्या हाताखाली जयंत नारळीकरांनी संशोधन केलं. मराठी विज्ञान परिषदेच्या १९७४ च्या स्पर्धेला 'कृष्णविवर' ही कथा टोपणनावाने पाठवून नारळीकर मराठी विज्ञानकथेत आले. विज्ञानाची चौकट न मोडता कल्पना किती लांब जाऊ शकते, हे गुरूने दाखवलं होतं आणि शिष्याने ते मराठीत आणलं.

पोलंडच्या स्टानिस्वाव लेम यांच्या १९६१ च्या 'सोलारिस'मध्ये अख्खा समुद्रच एक जीव आहे. पिढ्यान् पिढ्या शास्त्रज्ञ त्याचा अभ्यास करतात आणि कुणालाही तो कळत नाही. पण तिथेही तो समुद्र नायकाच्या आठवणीतून त्याची मृत पत्नी घडवून समोर उभी करतो. चेहरा नसलेल्यालाही कथेत यायला शेवटी चेहरा उसना घ्यावा लागला. टेड चियांग यांच्या कथेवरून २०१६ मध्ये आलेल्या 'अरायव्हल'मधल्या जीवांना सात पाय आहेत, त्यांच्या लिहिण्यात सुरुवात आणि शेवट नाही. त्यांच्याशी बोलू पाहणारी भाषातज्ज्ञ स्त्री काचेवर हात ठेवते आणि पलीकडून एक सोंड येऊन त्याच जागी टेकते. मला तो क्षण फार मोलाचा वाटतो. समोरच्याला हात नाहीत, हे मान्य करूनच तिथे हात पुढे केला आहे.

हे सगळं मनावर घ्यायला हवं, कारण शोध खरोखर चालू आहे. मंगळाच्या मातीत, गुरू आणि शनीच्या बर्फाळ चंद्रांच्या कवचाखालच्या समुद्रांत, दूरच्या ग्रहांच्या वातावरणातून येणाऱ्या प्रकाशात माणूस जीव शोधतो आहे. काही सापडलंच तर ते बहुधा सूक्ष्म असेल, आणि त्याची पहिली बातमी आलेखातल्या एका रेषेच्या खाचेतून येईल. त्या खाचेला डोळे नसतील. तेव्हा आपल्याला आनंद होईल का, की यान उघडून कुणी उतरलं नाही म्हणून आपण हिरमुसू? इथल्याच ऑक्टोपसच्या निम्म्याहून जास्त मज्जापेशी त्याच्या बाहूंमध्ये असतात, म्हणजे तो एका अर्थी हातांनीच विचार करतो. त्याच्याकडे आपण आजवर परका म्हणून तरी नीट पाहिलं आहे का? चेहरा नसलेल्या जिवाला जीव म्हणून ओळखायचा सराव करायला दुसऱ्या ग्रहाची वाट पाहावी लागत नाही.

म्हणून त्या मुद्रिकेतला शब्द मला बदलावासा वाटत नाही. आपल्याला जोडायला दोनच हात आहेत, तेच आपण जोडले. ऐकणाऱ्याला हात नसतील, कान नसतील, कदाचित ऐकणारा कुणी नसेलही. पण नमस्कारात आधी मान झुकवायची असते, आणि समोर कोण आहे हे कळायच्या आतही मान झुकवता येते.