बाजाराच्या चव्हाट्यावरचा क्रूस

इंग्लंडमधल्या अनेक जुन्या बाजारगावांत मध्यभागी दगडी ‘मार्केट क्रॉस’ दिसतो. मुळात तो म्हणजे पायऱ्यांचा चौथरा, त्यावर खांब आणि माथ्यावर क्रूस. सौदा देवासमक्ष व्हावा, हा त्यामागचा भाव.

पुढे खांबाभोवती कमानी आणि छप्पर आले. चिचेस्टरचा अष्टकोनी क्रॉस बिशप एडवर्ड स्टोरी यांनी १५०१ साली बांधला, तो गरीब विक्रेत्यांसाठी. तिथे बसून माल विकणाऱ्याला बाजारपट्टी माफ होती.

१६४३ साली पार्लमेंटने क्रूस मूर्तिपूजेचे चिन्ह ठरवून हटवायला लावले. लंडनचा चीपसाइड क्रॉस त्याच वर्षी पाडला गेला. साक्षीची भावना मात्र टिकली.

डिवायझेसच्या बाजारात १७५३ साली रूथ पियर्स आणि आणखी तिघींनी मिळून गव्हाचे पोते घेतले. पैसे कमी भरले. रूथ म्हणाली, माझा वाटा मी दिला आहे. खोटे बोलत असेन तर इथेच मरण येवो. ती जागीच कोसळून मेली आणि पैसे तिच्या मुठीत सापडले, अशी हकिगत तिथे १८१४ साली उभारलेल्या क्रॉसवर कोरलेली आहे.

चिचेस्टरच्या क्रॉसने गरिबाला आसरा दिला. डिवायझेसच्या क्रॉसने एका सामान्य बाईचे खोटे दोनशे वर्षे चव्हाट्यावर ठेवले. मापात पाप करणाऱ्या किती व्यापाऱ्यांची नावे अशी दगडावर कोरली गेली असतील?