फिर्यादीचा वकील कोर्टात काय करू शकतो

खून, दरोडा, बलात्कार अशा गुन्ह्यात फिर्याद तुमची असली, तरी सत्र न्यायालयात खटला उभा राहतो तो सरकार विरुद्ध आरोपी असा. तो चालवतो सरकारी वकील. काहीही करून शिक्षा मिळवणं हे त्याचं काम नाही, सत्य कोर्टापुढे आणणं हे आहे. तत्त्व रास्तच आहे. पण तोच कच्चा निघाला तर?

वडोदऱ्याच्या बेस्ट बेकरी जळीतकांडात १४ जणांचा बळी गेला. २००३ मध्ये सगळे २१ आरोपी सुटले. सरकारी वकील बचाव पक्षाचा असल्यासारखा वागला, असे ताशेरे ओढून सर्वोच्च न्यायालयाने २००४ मध्ये फेरखटला महाराष्ट्रात चालवायला लावला. नवा वकील नेमताना बाधितांना नाव सुचवण्याची मुभाही दिली. २००६ मध्ये मुंबईत ९ जण दोषी ठरले. २०१२ मध्ये हायकोर्टाने त्यांपैकी ४ जणांची शिक्षा कायम ठेवली.

एवढी वेळ येऊ नये म्हणून कायद्यात वाट आहे. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १८ नुसार कोर्टाच्या परवानगीने पीडिताला स्वतःचा वकील देता येतो. मात्र तो सरकारी वकिलाच्या मदतीला असतो, त्याच्या जागी नव्हे. त्याला साक्षीदाराची उलटतपासणी किंवा तोंडी युक्तिवाद करता येत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने २०१९ मध्ये रेखा मुरारका प्रकरणात स्पष्ट केलं.

मग त्याचा उपयोग काय? समजा, जप्त सुऱ्याच्या पंचाची सरतपासणी चालू आहे आणि सुरा तुमच्यासमोर सीलबंद केला का, हे विचारायचं राहून गेलं. तुमचा वकील तो प्रश्न चिठ्ठीवर लिहून सरकारी वकिलाकडे सरकवतो. त्यांनी विचारला नाही, तर न्यायाधीशांच्या नजरेस आणतो. न्यायाधीश स्वतः प्रश्न विचारू शकतात, साक्षीदाराला पुन्हा बोलावू शकतात. एका प्रश्नावर पुरावा टिकतो किंवा पडतो, म्हणून ही चिठ्ठी मला फार मोलाची वाटते. पुरावा संपल्यावर कोर्टाच्या परवानगीने लेखी युक्तिवादही देता येतो.

न्यायदंडाधिकाऱ्यांच्या कोर्टात मात्र परवानगी मिळाली, तर तुमचा वकील खटलाच चालवू शकतो. विशेष सरकारी वकीलही मागता येतो. तो किमान १० वर्षं वकिली केलेला हवा, आणि मागणीला ठोस कारणं हवीत. फी परवडत नसेल, तर पोक्सोच्या खटल्यात विधी सेवा प्राधिकरण मुलाला वकील देतं. ॲट्रॉसिटीच्या खटल्यात पीडितांची इच्छा असेल, तर जिल्हा दंडाधिकारी नामवंत वकील नेमू शकतात. आरोपी सुटला, तर कलम ४१३ खाली पीडिताला अपील करता येतं. शिक्षा कमी वाटते म्हणून त्या कलमाखाली करता येत नाही.

वकीलपत्र पहिल्या साक्षीच्या आधीच दाखल करा. पीडिताच्या वतीने वकील उभा असेल, तर कलम २३० नुसार दोषारोपपत्राची प्रत त्यालाही विनामूल्य द्यावी लागते. ती मागून घ्या.