निवृत्तिवेतनाची शाश्वती आणि सेवेची सलगता

कारखान्यात, खाणीवर अथवा हॉटेलात काम करणाऱ्या कामगाराच्या वेतनातून दरमहा काही रक्कम कापली जाते. ही कपात सर्वांना प्रॉव्हिडंट फंड या एकाच नावाने परिचित आहे. वस्तुतः तिच्याशी दोन निरनिराळे लाभ निगडित आहेत. एक म्हणजे व्याजासह वाढत जाणारी बचत आणि दुसरा म्हणजे वृद्धापकाळी दरमहा मिळावयाचे निवृत्तिवेतन. बचत रुपयांत मोजली जाते; निवृत्तिवेतनाचा हक्क मात्र प्रामुख्याने सेवेच्या वर्षांवर अवलंबून असतो. हा भेद ध्यानात न आल्यामुळे नोकरी सुटताच हाती येईल ती रक्कम उचलण्याकडे कामगारांचा कल असतो व त्यापायी निवृत्तिवेतनाचा हक्क नकळत गमावला जातो.

योजनेची वाटचाल

१५ नोव्हेंबर १९५१ रोजी निघालेल्या वटहुकुमाने भविष्य निर्वाह निधीचा पाया घातला गेला व १९५२ साली त्याचे कायद्यात रूपांतर झाले. आरंभी निवृत्त होणाऱ्या कामगारास केवळ एकरकमी पैसे मिळत. घराची डागडुजी, मुलांची लग्ने, जुने देणे यांतच ते सरून जात आणि पुढील आयुष्याची विवंचना तशीच राही. १९७१ साली कुटुंब निवृत्तिवेतन योजना आली. परंतु तिचा लाभ सेवेत असता मरण पावलेल्या कामगाराच्या कुटुंबापुरता होता. स्वतः कामगारास हयातीत निवृत्तिवेतन देणारी ‘कर्मचारी निवृत्तिवेतन योजना’ १६ नोव्हेंबर १९९५ पासून अस्तित्वात आली.

वर्गणीची विभागणी

सर्वसाधारणपणे मूळ वेतन व महागाई भत्ता यांच्या १२ टक्के रक्कम कामगार देतो आणि तेवढीच मालकास द्यावी लागते. कामगाराची संपूर्ण वर्गणी बचतीत जमा होते. मालकाच्या १२ टक्क्यांपैकी ८.३३ टक्के निवृत्तिवेतन निधीकडे व उरलेले ३.६७ टक्के बचतीकडे जातात. निवृत्तिवेतनासाठी विचारात घ्यावयाच्या वेतनाची कमाल मर्यादा १ सप्टेंबर २०१४ पासून ६,५०० रुपयांवरून १५,००० रुपये करण्यात आली. १५,००० रुपये वेतनावर मालकाकडून येणाऱ्या १,८०० रुपयांपैकी सुमारे १,२५० रुपये निवृत्तिवेतन निधीत व ५५० रुपये बचतीत पडतात.

निवृत्तिवेतन ठरविण्याची रीत सोपी आहे. अखेरच्या ६० महिन्यांच्या सरासरी वेतनास सेवेच्या वर्षांनी गुणावे व येणाऱ्या संख्येस ७० ने भागावे. सरासरी वेतन १५,००० रुपये व सेवा १० वर्षे असल्यास दरमहा सुमारे २,१४३ रुपये मिळतात. सेवा २० वर्षे वा अधिक झाल्यास हिशेबात २ वर्षांची भर घातली जाते. यास्तव ३३ वर्षे सेवा केलेल्या कामगारास ३५ वर्षांच्या हिशेबाने ७,५०० रुपये मिळतात. हे निवृत्तिवेतन वयाच्या ५८ व्या वर्षी सुरू होते. ५० व्या वर्षानंतर ते आधीही घेता येते. तथापि प्रत्येक आगाऊ वर्षामागे त्यात ४ टक्के कपात होते.

दहा वर्षांची अट

या हक्कासाठी किमान १० वर्षांची सेवा आवश्यक आहे. सहा महिने वा त्याहून अधिक कालावधी पूर्ण वर्ष धरला जात असल्याने साडेनऊ वर्षांची सेवा दहा वर्षे गणली जाते. त्याहून कमी सेवा असताना नोकरी सुटल्यास कामगारापुढे दोन पर्याय असतात. पहिला, निवृत्तिवेतन निधीतून ठराविक कोष्टकानुसार एकरकमी पैसे घेणे. दुसरा, झालेल्या सेवेची नोंद असलेले योजना प्रमाणपत्र घेऊन ती सेवा पुढील नोकरीस जोडणे. पैसे घेतले की ती सेवा पुसली जाते.

गोव्यातील खाण कामगारांच्या संदर्भात या निवडीचे महत्त्व विशेष जाणवते. सप्टेंबर २०१२ मध्ये राज्यातील खाणी थांबल्या. पुढे सर्वोच्च न्यायालयाच्या ७ फेब्रुवारी २०१८ च्या निर्णयाने ८८ खाणपट्ट्यांचे नूतनीकरण रद्द ठरले व त्याच वर्षी मार्चमध्ये काम पुन्हा बंद पडले. उदाहरणादाखल असा कामगार घ्यावा, की जो २००४ साली खाणीवर लागला, २०१२ साली बेकार झाला व २०१४ च्या प्रारंभी एखाद्या कारखान्यात रुजू झाला. त्याने प्रमाणपत्र घेतले असल्यास २०१६ साली त्याची दहा वर्षे पूर्ण झाली. त्याने पैसे उचलले असल्यास मात्र त्याची मोजणी २०१४ पासून नव्याने सुरू झाली व तीच अट पूर्ण होण्यास २०२४ साल उजाडावे लागले, तेही मधल्या काळात नोकरी टिकली तरच. घरात चूल पेटण्याची भ्रांत असताना घेतलेल्या निर्णयास दोष देणे उचित होणार नाही. परंतु त्या निर्णयाचे मोल आधी ठाऊक असणे, हा कामगाराचा अधिकार आहे.

पुढील काळाची दिशा

१३ ऑक्टोबर २०२५ रोजी निधीच्या केंद्रीय विश्वस्त मंडळाने असा निर्णय घेतला, की बेकारीनंतर बचतीची अखेरची रक्कम २ ऐवजी १२ महिन्यांनी व निवृत्तिवेतन निधीतील रक्कम २ ऐवजी ३६ महिन्यांनी काढता यावी. हक्क टिकून राहावा, हा त्यामागील हेतू आहे. आपलाच पैसा अडचणीच्या वेळी अडकून पडेल, हा त्यावरील आक्षेपही दुर्लक्षिण्याजोगा नाही.

२१ नोव्हेंबर २०२५ पासून चार श्रमसंहिता अमलात आल्या. त्यांतील व्याख्येनुसार एकूण मोबदल्याच्या निम्म्याहून अधिक असलेले भत्ते वेतनात मिळविले जातात. मूळ वेतन कमी दाखवून वर्गणी घटविण्याच्या प्रथेस त्यामुळे आळा बसू शकेल. तथापि एक उणीव राहतेच. या निवृत्तिवेतनास महागाई भत्ता जोडलेला नाही. २०१४ साली निश्चित झालेल्या १,००० रुपयांच्या किमान निवृत्तिवेतनात तेव्हा जेवढे धान्य येई, तेवढे पुढे येत नाही. म्हणून निवृत्तिवेतन हा आधार मानावा, संपूर्ण निर्वाह नव्हे. आणि बचतीचा भागही वृद्धापकाळासाठी शक्य तेवढा राखून ठेवावा.

कामगारांनी घ्यावयाची दक्षता

नोकरी बदलताना खाते बंद न करता जुन्या सार्वत्रिक खाते क्रमांकावरच नवी नोंद करून घ्यावी. नाव, जन्मतारीख तसेच नोकरीस लागल्याची व सोडल्याची तारीख बरोबर आहे ना, हे तपासावे. सोडल्याची तारीख नोंदलेली नसल्यास पुढे हिशेब अडतो. कंत्राटदाराकडील कामगारांनी दरमहा वर्गणी जमा होते की नाही, हे पाहावे. कंत्राटदाराने ती भरली नाही, तर मूळ मालकाची जबाबदारी टळत नाही. नामनिर्देशन अद्ययावत ठेवावे. सेवेत असता सभासदाचा मृत्यू झाल्यास एका महिन्याची वर्गणी भरलेली असली तरी त्याच्या पत्नीस निवृत्तिवेतन मिळू शकते. वेतनाच्या चिठ्ठ्या व नेमणुकीची पत्रे जपून ठेवावीत. नोंदीत तफावत निघाल्यास तोच सेवेचा पुरावा ठरतो.