चुऱ्याचा केक, चुलीवर

केकला भट्टीच हवी असे नाही. अमेरिकेत कॉफीबरोबर खातात तो चुऱ्याचा केक आपल्या चुलीवरही होतो.

आधी पाव वाटी कणीक, दोन चमचे साखर व दोन चमचे थिजलेले तूप बोटांनी चुरून ठेवा. पातळ तुपाचा चुरा होत नाही, गोळा होतो. मग दीड वाटी कणीक, पाऊण वाटी पिठीसाखर, पाव वाटी तूप, अर्धा चमचा सोडा, वाटीभर आंबट दही कालवा. बेदाणेही घाला, आपल्या नाशिकला त्यांची वाण नाही! सोडा लगेच फसफसतो, म्हणून न थांबता तूप लावलेल्या डब्यात ओतून चुरा पसरा.

तापल्या वाळूच्या पातेल्यात डबा ठेवा. झाकणावर निखारे हवेतच. नुसत्या खालच्या आचेने केक फुगतो, पण चुरा पांढराच राहतो आणि तूप-साखर वाया जाते. पाऊण तासाने सुई कोरडी निघाली की उतरवा.