एका खेड्याची बखर

आपल्या 'माहेर' या शब्दास परभाषेंत नेमका जोड सांपडत नाहीं. जर्मन भाषेंतील 'हायमाट' हा शब्दही तसाच आहे. जन्मगांव, तेथील माणसें, बोली आणि त्या सर्वांची ओढ एवढा अर्थ त्यांत सामावतो. हिटलरच्या राजवटींत हा शब्द प्रचारासाठीं इतका राबविला गेला कीं, पुढें विचारी माणसास तो उच्चारण्याचाही संकोच वाटूं लागला. त्याच शब्दाचें नांव आपल्या कृतीस देणारे चित्रपटकार एडगर राइट्स यांची हकीकत आम्ही येथें थोडक्यांत देत आहों.

राइट्स यांचा जन्म १९३२ सालीं जर्मनीच्या पश्चिमेकडील हुन्सऱ्युक या डोंगराळ मुलखांत, मोरबाख गांवीं झाला. वडील घड्याळजी होते. शाळेंत असतां एका शिक्षकांनीं त्यांस नाटकाची गोडी लाविली. पुढें शिक्षणासाठीं ते म्युनिक येथें गेले. जुन्या धर्तीचा सिनेमा आतां संपला, असें बजावणारें पत्रक १९६२ सालीं ओबरहाउझेन येथें निघालें. त्यावर सही करणाऱ्या २६ जणांत ते होते. १९६७ सालीं त्यांच्या पहिल्या दीर्घ चित्रपटास व्हेनिस येथें पारितोषिकही मिळालें.

परंतु यश टिकलें नाहीं. १८११ सालीं पंख लावून डान्यूब नदी ओलांडूं पाहणारा आणि पाण्यांत पडणारा उल्मचा शिंपी, हा त्यांच्या १९७८ च्या चित्रपटाचा विषय. शिंप्याप्रमाणें चित्रपटही पडला! खचलेले राइट्स त्या हिवाळ्यांत झील्ट बेटावर बर्फानें अडकून पडले असतां आपल्या घराण्याच्या आठवणी लिहूं लागले. पुढें पेटर श्टाइनबाख या लेखकासह ते हुन्सऱ्युकमध्यें जाऊन राहिले आणि संहिता सिद्ध झाली.

'हायमाट' १९८४ सालीं ११ भागांत दूरचित्रवाणीवर आली. तिची एकूण लांबी सुमारें साडेपंधरा तास. शाबाख हें खेडें कल्पित. परंतु बोली खरी हुन्सऱ्युकची, आणि कामें करणारांत गांवकरीही होते. १९१९ पासून १९८२ पर्यंतचा काळ मारिया या गृहिणीच्या आयुष्यांतून दिसतो: गांवांतील पहिला रेडिओ, नवा रस्ता, युद्धावर जाणारे तरुण. राजांची नव्हे, तर चुलीभोंवतीच्या माणसांची ही बखर होय.

ज्यू लोकांवरील भीषण अत्याचार तींत फारच थोडे दिसतात, असा आक्षेप निघाला. तो पोकळ नव्हे. घरच्या आठवणी गोड खऱ्या, पण जें पाहावयाचें नव्हतें तें त्या गाळतात, हेंही वाचकांनीं लक्षांत ठेवावें.

पुढें १९९२ व २००४ सालीं या कथेचे आणखी भाग निघाले. २०१३ च्या चित्रपटांत राइट्स एकोणिसाव्या शतकांत मागें गेले आणि दारिद्र्यामुळें ब्राझीलला निघालेल्या हुन्सऱ्युककरांची कथा त्यांनीं सांगितली.

शेवटीं एक गोष्ट शाळेची. १९६८ सालीं राइट्स यांनीं म्युनिकच्या एका मुलींच्या शाळेंत चित्रपटाचे धडे दिले आणि कॅमेरे मुलींच्याच हातीं दिले. त्या विद्यार्थिनींची पंचावन्न वर्षांनीं पुनः भेट झाली. तीवरील चित्रपट २०२४ सालीं प्रदर्शित झाला. गुरुजींचें वय तेव्हां ९१ होतें.

विद्यार्थिमित्रांनो, आपल्या आजीजवळही अशीच एक बखर आहे. ती ऐकून घ्या. आणि तींत काय सांगितलें गेलें नाहीं, तेंही नम्रपणें विचारा.