वर्डी युआंगचे दगड

ऑस्ट्रेलियात मेलबर्न आणि जिलाँग या शहरांच्या मधल्या माळावर बेसॉल्टच्या सुमारे शंभर दगडांचे एक कडे आहे. जागेचे नाव वर्डी युआंग. कडे गोल नाही, अंड्यासारखे आहे. पूर्व-पश्चिम लांबी सुमारे 50 मीटर. वाथाउराँग या मूलनिवासी लोकांच्या पूर्वजांनी ते रचले.

पश्चिम टोकाला कमरेएवढे तीन दगड उभे आहेत आणि कड्याबाहेर काही लहान दगड. तीन दगडांपाशी उभे राहून या लहान दगडांच्या रेषेत पाहिले, की विषुवदिनी आणि दोन्ही अयनदिनी सूर्य जिथे मावळतो त्या दिशा सापडतात. हा योगायोग असेल, अशी शंका कुणालाही येईल. पण कड्याच्या दोन सरळ बाजूही अयनदिनांच्या त्याच दिशा दाखवतात. खगोलशास्त्रज्ञ रे नॉरिस आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी मोजमापे घेऊन हे तपासले. मला हा दुहेरी पुरावाच सर्वांत महत्त्वाचा वाटतो. मूलनिवासी लोकांना मोजमाप ठाऊक नव्हते, हा जुना समज त्यापुढे टिकत नाही.

अशा रचना मोडायला मात्र एक दिवस पुरतो. त्याच व्हिक्टोरिया राज्यात लेक बोलॅकजवळ ईल माशाच्या आकाराची दगडांची लांबलचक रांग आहे. 2021मध्ये खासगी शेतजमिनीतला तिचा काही भाग उचलला गेला. वर्डी युआंगची जमीन 2006मध्येच वाथाउराँग समाजाकडे परत आली असून तिथे प्रवेश त्यांच्या परवानगीनेच मिळतो.