वाघूरचे पाणी कोणाचे?

मराठवाड्याच्या पाण्याचा प्रश्न निघाला की चर्चा गोदावरी आणि जायकवाडी यांच्यापलीकडे सहसा जात नाही. ते स्वाभाविकही आहे, कारण या विभागाचा बहुतेक प्रदेश गोदावरीच्याच खोऱ्यात मोडतो. परंतु छत्रपती संभाजीनगर जिल्ह्याच्या उत्तर टोकाला, अजिंठ्याच्या कड्याखाली, जिल्ह्याचा एक पदर या खोऱ्याबाहेर पडला आहे. सोयगाव तालुक्याचा बहुतेक भाग या पदरात येतो आणि वाघूर ही तेथील नदी.

अजिंठ्याची डोंगररांग हा मोठा जलविभाजक आहे. तिच्या दक्षिण उतारावरचा पाऊस पूर्णा नदीवाटे गोदावरीस मिळून बंगालच्या उपसागराकडे जातो. उत्तरेकडचा तापीतून अरबी समुद्राकडे. शेजारच्या दोन शेतांत पडलेल्या एकाच सरीची अशी फाटाफूट होते. दक्षिणेकडे उतार मंद आहे, उत्तरेकडे मात्र पठार एकाएकी तुटते. काळ्या पाषाणाचे कठीण व मऊ थर एकावर एक रचलेले असल्यामुळे वाघूर येथे पायऱ्यापायऱ्यांनी उड्या घेत खाली येते आणि नालाच्या आकाराचे वळण घेते. त्याच वळणाच्या कड्यात सुमारे तीस लेणी खोदलेली आहेत. त्यांतील सर्वांत जुनी इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकातील, तर बहुसंख्य पाचव्या शतकातील.

भिक्षूंनी ही जागा निवडली ती केवळ एकांतासाठी नव्हे. वर्षावासाचे महिने नेमके नदीला पाणी असण्याचे महिने होत. पूर्वी लेण्यांपासून नदीच्या पात्रापर्यंत दगडी पायऱ्या उतरत असत. आज त्या बहुतेक नष्ट झाल्या आहेत. १८१९ च्या एप्रिलमध्ये जॉन स्मिथ हा इंग्रज अधिकारी येथे पोहोचला, त्याचे नाव पाठ्यपुस्तकांत आहे. नदीचे नाव मात्र तेथे क्वचितच आढळते.

खाली उतरल्यावर वाघूर जळगाव जिल्ह्यात शिरते, पहूरवरून जाते आणि साकेगावच्या पुढे तापीस मिळते. वाटेत तिच्यावर धरण आहे. जळगाव शहर त्याचेच पाणी पिते.

या प्रवासात नदीने ओलांडलेली सीमा साधी नाही. १९४८ पर्यंत तिचा वरचा भाग निजामाच्या राज्यात, तर जामनेरचा भाग इंग्रजी खानदेशात होता. १९६० मध्ये दोन्ही भाग महाराष्ट्रात असले, तरी हिशेब वेगळेच राहिले. १९९४ मध्ये वैधानिक विकास मंडळे स्थापन झाली, तेव्हा सोयगाव मराठवाड्याच्या मंडळात आणि जामनेर उर्वरित महाराष्ट्राच्या मंडळात गेले. २०२० मध्ये त्या मंडळांची मुदत संपली. विभागवार अनुशेष मोजण्याची सवय मात्र संपली नाही.

अर्थशास्त्राच्या दृष्टीने खरी अडचण येथेच आहे. डोंगरउतारावर समतल चर खणावयाचे, झाडे राखावयाची, ओढ्यांवर बांध घालावयाचे, तर त्यासाठी श्रम आणि जमीन वरच्या कोरडवाहू शेतकऱ्याची खर्ची पडते. धरणात गाळ कमी येतो आणि प्रवाह अधिक काळ टिकतो, हा लाभ मात्र खालच्या नागरिकास आणि बागायतदारास मिळतो. ज्याला लाभ होतो तो किंमत देत नाही आणि जो किंमत देतो त्याला लाभ दिसत नाही, अशा स्थितीत काम होत नाही, हे सांगण्यासाठी ग्रंथांची गरज नाही. उलट वरच्यांनी पाणी अधिक अडविले तर खालचे तक्रार करणार, आणि त्यांचीही बाजू खोटी नव्हे. धरणाच्या खर्चात भिंत, दरवाजे आणि कालवे धरले जातात. डोंगर सहसा धरला जात नाही.

२००५ च्या जलसंपत्ती नियमन प्राधिकरण कायद्यात खोरेनिहाय जल आराखड्याची तरतूद आहे. जिल्ह्याऐवजी खोरे हे एकक मानले, तर वाघूरच्या दोन्ही टोकांची माणसे एकाच हिशेबवहीत येतात. मग सोयगावच्या उतारावरील एका मातीबांधाचा किती वाटा जळगावच्या पाणीपट्टीतून उचलावयाचा, ही वाटाघाट निदान सुरू तरी करता येईल.